सई परांजपे : छोट्या पडद्यावरून मोठ्या पडद्यावर



चार मराठी घरे एकत्र जमली आणि "एखादा जुना सिनेमा लावू या" असे कुणी म्हटले, की 'चश्मेबद्दूर'चे नाव हमखास निघते. दारोदार 'चमको' पावडर विकणारी दीप्ती नवल सगळ्यांना आठवते. पण हा सिनेमा करणाऱ्या सई परांजपे मूळच्या दूरदर्शनच्या, हे बऱ्याच जणांना ठाऊक नसते. म्हणून या वेळी त्यांची ओळख करून देत आहोत.

सईताईंचा जन्म १९३८ साली लखनौला झाला. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे, आई शकुंतला परांजपे, तर वडील रशियन चित्रकार. १९४४ ते १९४७ या काळात आजोबा ऑस्ट्रेलियात भारताचे उच्चायुक्त होते, त्यामुळे लहानग्या सईनेही परदेशातले घर अनुभवले. बाकी जडणघडण पुण्यातच झाली. पुणे आकाशवाणीवर निवेदन, मुलांची नाटके, मग दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि तिथून दिल्ली दूरदर्शन, असा त्यांचा प्रवास आहे.

तेव्हाचे दूरदर्शन म्हणजे पैसा कमी आणि वेळ त्याहून कमी! मोठे सेट नाहीत, परदेशी चित्रीकरण नाही. हाताशी काय, तर माणसे आणि त्यांचे बोलणे. आम्हाला वाटते, सईताईंची खरी शाळा हीच. १९७२ साली त्यांच्या 'द लिटल टी शॉप' या दूरचित्रपटाला तेहरानमध्ये आशियाई प्रसारण संघाचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी मुंबई दूरदर्शन सुरू झाले, तेव्हा उद्घाटनाच्या कार्यक्रमाची जबाबदारी त्यांच्याकडेच आली.

पुढे १९८० साली 'स्पर्श' आला. दिल्लीतल्या अंधशाळेच्या मुख्याध्यापकांवरून त्यांना नायक सुचला. दया नको, बरोबरी हवी, असे म्हणणारा हा माणूस नसीरुद्दीन शाह यांनी उभा केला. त्यांना आणि सईताईंच्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. 'चश्मेबद्दूर' (१९८१) त्यांच्याच 'धुआँ धुआँ' या टीव्ही नाटकातून निघाला, तर 'कथा' श. गो. साठ्ये यांच्या 'ससा आणि कासव' या नाटकावरून. 'कथा'तली चाळ पाहताना आपल्याला आपलेच शेजारी दिसतात. सिनेमात नाव झाल्यावरही त्यांनी टीव्हीला कमी लेखले नाही. 'अडोस पडोस' (१९८४) आणि 'छोटे बडे' (१९८५) या मालिका त्यानंतरच्या.

पण आपण परदेशस्थांनी आवर्जून पाहावा असा त्यांचा सिनेमा म्हणजे 'दिशा' (१९९०). गावात पाणी नाही, म्हणून दोन मित्र मुंबईच्या गिरणीत येतात आणि एकेका खोलीत दाटीवाटीने राहणाऱ्या कामगारांत सामील होतात. इकडे गावी एकाचा थोरला भाऊ वर्षानुवर्षे विहीर खणतो आहे. लोक हसतात, तो थांबत नाही, आणि एक दिवस पाणी लागते! नाना पाटेकर, रघुवीर यादव, ओम पुरी, शबाना आझमी अशी कलाकारांची फळी, पण लक्षात राहते ती विहीर. "थोडे पैसे जमले की परत जाऊ" असे म्हणून आपणही घराबाहेर पडलो होतो. पाणी लागल्यावर परतावे का, की तोवर पाय दुसरीकडेच रुजलेले असतात? सईताई उपदेश करत नाहीत, हा प्रश्न मात्र घरी आपल्याबरोबर येतो.

'साज' (१९९७) हा दोन गायिका बहिणींवरचा चित्रपट त्यानंतरचा. २००६ साली सईताईंना पद्मभूषण मिळाले आणि २०१६ साली 'सय' हे त्यांचे मराठी आत्मकथन आले. मुलांना मराठी वाचता येत नसेल, तर निदान 'कथा' त्यांच्याबरोबर बसून पाहा. चाळ म्हणजे काय, हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही!