शिवाशिवी : खेळ आणि विटाळ

नगर (आताचा अहिल्यानगर) जिल्ह्यातल्या कुठल्याही शाळेच्या मैदानावर मधल्या सुट्टीत शिवाशिवी रंगते. एकावर राज्य येते, तो ज्याला शिवेल त्याच्यावर ते जाते. पण याच शिवाशिवीच्या नावाने आपल्या आजा-पणजांना विहिरीपासून, देवळापासून, शाळेच्या ओसरीपासून लांब ठेवले गेले. म्हणून हा शब्द आम्हाला साधा वाटत नाही.

हा खेळ जातीतून जन्मला, असा आमचा दावा नाही. शिवण्याचे खेळ जगभर आहेत. आयोना आणि पीटर ओपी या ब्रिटिश अभ्यासक दांपत्याने 1969 च्या ग्रंथात नोंदवले आहे की अशा खेळांत पकडणाऱ्याचा स्पर्श अनेकदा बाधणारा मानला जातो. मात्र तो खेळ संपेपर्यंतच. आपल्याकडे घंटा झाली तरी विटाळ संपत नसे. साताऱ्याच्या शाळेत लहान भीमरावाला घरून आणलेल्या गोणपाटावर वेगळे बसावे लागे. नळाला शिवायचे नाही. शिपाई नसेल तर पाणी नाही. बाबासाहेबांनीच हे लिहून ठेवले आहे. त्यांच्यावर आलेले 'राज्य' दुसऱ्या कोणाला देता येत नव्हते.

मुलांना हे कळत नव्हते, असे कोणी समजू नये. 1842 साली नगरात सुरू झालेल्या 'ज्ञानोदय'ने 1855 मध्ये मुक्ता साळवे हिचा निबंध छापला. फुले दांपत्याच्या शाळेतली ही मातंग मुलगी. पेशवाईत मांग-महार तालीमखान्यापुढून गेला तर त्याचे शिर उडवून गुलटेकडीच्या मैदानात त्याचा चेंडू आणि तलवारीचा दांडू करीत, असे तिने लिहिले. हा पेशवाईवरचा आरोप म्हणून आपण वाचतो, ते बरोबरच आहे. पण आम्हाला त्यातला चेंडू आणि दांडू खुपतो. अत्याचार सांगताना त्या मुलीला खेळाचेच शब्द सापडले.

आज मैदानावर कोणी 'विटाळ' म्हणत नाही. संघ पाडताना शेवटी कोण उरतो, भांडणात पहिली शिवी कोणत्या जातीची निघते, एवढे कार्यकर्त्यांनी उभे राहून पाहावे.

28 एप्रिल 2014 रोजी जामखेड तालुक्यातल्या खर्डा येथे 17 वर्षांच्या दलित विद्यार्थ्याचा खून झाला. सवर्ण मुलीशी बोलतो या संशयावरून त्याला शाळेतूनच मारत नेल्याचा आरोप होता. अनेक साक्षीदार फितूर झाले आणि नोव्हेंबर 2017 मध्ये नगरच्या न्यायालयातून आरोपी निर्दोष सुटले. त्याचे वर्गमित्र तेव्हा विशीत पोहोचले होते.