मान्यता द्यायची कोणी?

तंत्रशिक्षणाच्या कायद्यात नव्याने शिरणारा वाचक एक अपेक्षा घेऊन येतो. न्यायालय कॉलेजची प्रयोगशाळा पाहील, प्राध्यापक मोजेल आणि मान्यता नाकारली ते बरोबर की चूक हे सांगेल. निकालपत्र उघडले की त्याचा हिरमोड होतो. पानेच्या पाने व्याख्येच्या कलमावर, समवर्ती सूचीवर आणि तारखांवर खर्ची पडलेली असतात. गंमत त्या पानांतच आहे, आणि ती दाखवण्यासाठी हा ग्रंथ आहे.

कोलकात्यातून पाहिले तर या विषयाची पाळेमुळे लवकर हाती लागतात. वंगभंगाच्या चळवळीत, 1906 साली, इथे दोन संस्था निघाल्या: अरविंद घोष प्राचार्य असलेले बंगाल नॅशनल कॉलेज आणि तारकनाथ पालितांच्या पुढाकाराने निघालेले बंगाल टेक्निकल इन्स्टिट्यूट. सरकारी मान्यतेवाचून शिकवायचे, हा त्या काळचा बाणा. (प्रा. विजापूरकरांचे तळेगावचे समर्थ विद्यालय त्याच हवेतले. सरकारने 1910 मध्ये ते बंद पाडले.) कोलकात्याच्या त्या खटपटीतून पुढे जादवपूर विद्यापीठ उभे राहिले, 1955 मध्ये. खरगपूरच्या आयआयटीचे पहिले कार्यालयही याच शहरात, 5, एस्प्लनेड ईस्ट या पत्त्यावर होते. ज्या समितीच्या शिफारशीतून ती आली, तिचे अध्यक्ष नलिनीरंजन सरकार हेही बंगालचेच.

अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषद 1945 ची, पण तेव्हा ती फक्त सल्ला देई. पुढे विनाअनुदानित महाविद्यालयांचे पेव फुटले. महाराष्ट्रात वसंतदादा पाटलांच्या सरकारने 1983 मध्ये त्यांना दार उघडले, दक्षिणेतही तेच चालले होते. 1987 च्या अधिनियमाने परिषदेला वैधानिक अधिकार मिळाले: नवी संस्था, नवा अभ्यासक्रम तिच्या मान्यतेने. राज्याची परवानगी आणि विद्यापीठाची संलग्नता मात्र जागच्या जागी राहिली. एका कॉलेजला तीन मालक, मग खटले व्हायचेच.

अधियमान प्रकरणात (1995) सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की केंद्रीय कायद्याने व्यापलेल्या क्षेत्रात राज्याला आणि विद्यापीठाला आपले वेगळे निकष लावून कॉलेज बंद करता येणार नाही. जय गोकुळ प्रकरणात (2000) परिषदेने मान्यता दिल्यावर केरळ सरकारने धोरणाचे कारण पुढे करून घातलेला अडसर टिकला नाही. एवढ्यावरून परिषदच सर्वेसर्वा असे वाटावे, तोच 2001 मध्ये भारतीदासन विद्यापीठाचा निकाल आला. अधिनियमातली ‘तंत्रसंस्था’ची व्याख्या विद्यापीठाला वगळते, तेव्हा विद्यापीठाने नवा तांत्रिक अभ्यासक्रम काढताना परिषदेची पूर्वपरवानगी मागायची गरज नाही, दर्जाचे निकष पाळायचे. मान्यतेला पाठ फिरवून सुरू झालेल्या जादवपूरला विद्यापीठ झाल्यावर हीच मोकळीक कायद्यानेच मिळावी, हे मला मजेशीर वाटते. 2013 मध्ये संलग्न महाविद्यालयांनाही ही सवलत मिळाली आणि परिषदेची सारी घडी विस्कटली. पुढच्याच वर्षी न्यायालयाला अंतरिम आदेशाने मान्यतेची प्रक्रिया पुन्हा चालू करावी लागली. कोल्हापूरच्या प्रिन्स शिवाजी मराठा बोर्डिंग हाऊसच्या वास्तुशास्त्र महाविद्यालयाच्या खटल्यात (2019) तर समोर दुसरी नियामक संस्था होती. वास्तुशास्त्राच्या शिक्षणात 1972 च्या वास्तुविशारद अधिनियमाचे पारडे जड ठरले.

दर्जाच्या प्रश्नात न्यायालये सहसा हात घालत नाहीत, आणि ते योग्यच आहे. अधिकार होता का, त्रुटी कळवून पूर्ततेला वेळ दिला का, म्हणणे ऐकले का, एवढे ती पाहतात. माझी तक्रार वेगळी आहे. नकाराचे पत्र प्रवेशाच्या तोंडावर येते, संस्थाचालक उच्च न्यायालयात धावतात, स्टे मिळतो, वर्ग भरतात. मूळ याचिकेवर सुनावणी होईतो मुले शेवटच्या वर्षाला पोहोचलेली असतात. मग त्यांच्याकडे बोट दाखवून सगळेच नियमित करून घ्यायचे. ‘स्टेवर चाललेले कॉलेज’ हा शब्दप्रयोग आपल्याकडे उगाच रुळलेला नाही.

ठाण्याच्या पार्श्वनाथ चॅरिटेबल ट्रस्टच्या खटल्यात (2012) ही खोड ओळखली गेली. कॉलेज परवानगीवाचून दुसऱ्या जागी हलवले होते. परिषदेने मान्यता काढली आणि ती कारवाई सर्वोच्च न्यायालयातही टिकली. त्याच निकालात पुढच्या वर्षांसाठी वेळापत्रक बांधून दिले: परिषदेने 10 एप्रिलपर्यंत होय की नाही ते सांगायचे, विद्यापीठाने संलग्नतेचे 15 मेपर्यंत, सत्र 1 ऑगस्टला सुरू. घटनेच्या कलमांचा उल्लेख नसलेला हा तक्ता या क्षेत्रातल्या कित्येक तात्त्विक परिच्छेदांपेक्षा जास्त कामाचा आहे.

अंतरिम आदेशांवरचे प्रकरण ग्रंथात शेवटी आले आहे. विद्यार्थ्यांनी ते आधी वाचायला हरकत नाही. आदेश मुंबईचा असो की कोलकात्याचा, त्याच्या तारखेशेजारी त्या वर्षीच्या प्रवेशफेरीची तारीख पेन्सिलीने लिहून ठेवावी.