तंटा चालू, सारा चालू

जमिनीचा वाद कोर्टात गेला की घरात एक प्रश्न हमखास निघतो: निकाल लागेपर्यंत सारा भरायचा कोणी? एक भाऊ म्हणतो, जमीन माझी ठरेल तेव्हा भरीन. दुसरा लगबगीने तलाठ्याकडून पावती घेऊन येतो, कारण त्याच्या लेखी पावती म्हणजेच मालकी. या दोन्ही समजुतींची मुळे मला आपल्या महसुली इतिहासात दिसतात.

पेशवाईत पाटीलकी-कुलकर्णाच्या वतनावर दोघांनी दावा सांगितला, की निवाडा होईतो सरकार पुष्कळदा ते वतन जप्त करून अमानत ठेवी. मग गोतसभा बसे, साक्षी होत, महजर लिहिला जाई. जिंकणाऱ्याने हरकी द्यायची, हरणाऱ्याने गुन्हेगारी. वतन कोणाचे हे ठरायला कितीही काळ लागो, सरकारचे येणे अडून राहू नये, ही दृष्टी त्यात स्पष्ट आहे.

इंग्रजांनी हीच दृष्टी कागदावर पक्की केली. १८३६ च्या सुमारास इंदापूर तालुक्यापासून नवी जमाबंदी सुरू झाली. प्रत्येक सर्व्हे नंबराला आकार ठरला आणि तो भरणारा खातेदार नोंदला गेला. सरकारला वसुलीसाठी एक नाव हवे होते. एकत्र कुटुंबात ते बहुधा थोरल्याचे असे. १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्याने साऱ्याची पहिली जबाबदारी दप्तरी कब्जेदारावर टाकली. ‘ज्याच्या नावे सारा, त्याची जमीन’ ही गावातली समजूत येथूनच बळावली, असे माझे मत आहे. इतरांचे हक्क टिपण्यासाठी १९०३ साली हक्कनोंदणीचा कायदा आला. फेरफारावर हरकत आली तर विवादग्रस्त प्रकरणांची वेगळी नोंदवही आली. पण त्या नोंदवहीत नाव चढले म्हणून साऱ्याची मागणी थांबत नसे.

आजही तसेच आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ७२ नुसार थकलेल्या साऱ्याचा बोजा जमिनीवर सर्वांत वरचा असतो. कलम १६८ नुसार सहहिस्सेदार एकत्रितपणे आणि प्रत्येकी जबाबदार असतात. मूळ जबाबदाराने थकवले तर कब्जात असेल त्याच्याकडून वसुली होते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३९ व्या आदेशातला नववा नियम तर याहून कडक आहे. दाव्यातल्या जमिनीचा सारा कब्जेदाराने थकवला आणि लिलावाचा हुकूम झाला, तर दाव्यातला दुसरा हितसंबंधी पक्षकार लिलावापूर्वी रक्कम भरून तात्काळ ताबा मिळवू शकतो. ‘निकालानंतर भरू’ म्हणणाऱ्याचा ताबा काही रुपयांच्या थकबाकीपायी जाऊ शकतो, तो असा.

मग पावती म्हणजे मालकी का? नाही. ती वहिवाटीचा पुरावा म्हणून उपयोगी पडते, मालकी देत नाही. फेरफाराने मालकी निर्माण होत नाही आणि संपतही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये सांगितले. एका सहहिस्सेदाराचा कब्जा हा सर्वांचाच कब्जा मानला जातो. त्याने दुसऱ्याचा हक्क उघडपणे नाकारल्याखेरीज तो विरोधी ठरत नाही, हे १९५६ सालच्या निकालाने स्पष्ट केले होते. म्हणजे थोरल्याने तीस वर्षे एकट्याने सारा भरला, तरी तेवढ्यानेच धाकट्याचा वाटा बुडत नाही.

म्हणून सारा भरावा तो जमीन वाचवण्यासाठी. दुसऱ्याच्या जबाबदारीची रक्कम आपले हित राखण्यासाठी भरली, तर करार कायदा, १८७२ च्या कलम ६९ खाली ती परत मागता येते. पावत्या जपायच्या त्या या हिशेबासाठीही. आणि ज्यांच्या नावे आयुष्यात एकही पावती फाटली नाही, अशा लेकी-बहिणी आपल्या घराघरांत आहेत. वाटणीच्या वेळी त्यांच्यापुढे पावत्यांचा गठ्ठा टाकला जातो, आणि कित्येकजणी तो पाहूनच गप्प बसतात. त्या गठ्ठ्याने सरकारचे देणे फिटले एवढेच सिद्ध होते. बहिणीचा हिस्सा त्याने फिटत नाही.