पटावरून कमी केलेले नाव

हजेरीपटावरील एखाद्या मुलाचे नाव कमी करताना आम्हां शिक्षकांचा हात क्षणभर अडखळतो. तशा वेळी मला यूलियुस हिर्श आठवतो.

जर्मनीतील कार्लस्रूहे शहराच्या फुटबॉल संघाचा हा ज्यू खेळाडू. डाव्या बाजूने तो चेंडू घेऊन सुटला की समोरच्यांची त्रेधा उडे. १९१० साली त्याच्या संघाने जर्मनीचे अजिंक्यपद मिळवले. १९१२च्या मार्चमध्ये हॉलंडशी झालेला सामना ५-५ असा बरोबरीत सुटला. जर्मनीच्या पाचांपैकी चार गोल एकट्या हिर्शचे! त्याच वर्षी तो स्टॉकहोमच्या ऑलिंपिकलाही गेला. पुढे पहिल्या महायुद्धात तो जर्मनीसाठी लढला. त्याचा एक भाऊ तर रणांगणावरच पडला.

एप्रिल १९३३. ज्यूंना सभासदत्वातून दूर करण्याचा दक्षिणेकडील क्लबांचा निर्णय त्याने वर्तमानपत्रात वाचला. कोणी काढण्याआधीच त्याने पत्र लिहून आपले नाव मागे घेतले. ज्यूंनीही ह्या देशासाठी रक्त सांडले आहे, एवढी आठवण मात्र त्या पत्रात दिली.

१ मार्च १९४३ रोजी त्याला ऑशविट्झच्या छळछावणीकडे रवाना केले. वाटेतून त्याने घरी कार्ड धाडले, आपण खुशाल असल्याचे! तेच शेवटचे.

२००५पासून जर्मन फुटबॉल संघटना द्वेषाविरुद्ध झटणाऱ्यांना त्याच्या नावाचा पुरस्कार देते. नाव पुन्हा पटावर चढले खरे; पण ‘हजर’ म्हणायला तो नाही.