राजाचा मृत्यू आणि सोमलाची साक्ष

चीनचा सम्राट ग्वांगशू १४ नोव्हेंबर १९०८ रोजी वारला. वय अवघे ३७. त्यानंतर पुरते चोवीस तासही उलटले नव्हते तोच त्याची मावशी आणि चीनची खरी सत्ताधारी, राजमाता त्सूशी, हिचाही मृत्यू झाला. ती सत्तरी ओलांडलेली होती, आजारीही होती. तिच्या मृत्यूचे कोणाला फारसे नवल वाटले नाही. पण तरुण सम्राटाने नेमका तिच्या आदल्या दिवशी प्राण सोडावा, हा योगायोग अनेकांच्या गळी उतरेना. दरबाराचे म्हणणे साधे होते: सम्राट अनेक वर्षे आजारी होते, त्या आजारातच ते गेले.

याच्या ३२१ वर्षे आधी इटलीत असेच काहीसे घडले होते. ऑक्टोबर १५८७ मध्ये तस्कनीचा अधिपती फ्रान्चेस्को मेदिची आणि त्याची पत्नी बियांका हे दोघे फ्लॉरेन्सजवळच्या एका हवेलीत एका दिवसाच्या अंतराने मरण पावले. वैद्यांनी कारण दिले ते दिवसाआड येणाऱ्या तापाचे. लोकांनी बोट दाखवले ते धाकट्या भावाकडे, फर्दिनांदोकडे. तो कार्डिनल, म्हणजे मोठा धर्माधिकारी होता, त्या वेळी हवेलीतच होता आणि भावाच्या मागे गादीवरही तोच बसला.

दोन्हीकडे संशय एकाच विषाचा होता: सोमल. आर्सेनिकचे हे पांढरे ऑक्साइड. त्याला वास नाही, चव जवळजवळ नाही, आणि पोटात गेल्यावर होणाऱ्या उलट्या, जुलाब, पोटातील कळा पटकीसारख्याच दिसतात. १८३६ साली जेम्स मार्श या इंग्रज रसायनशास्त्रज्ञाने आर्सेनिक ओळखण्याची खात्रीची पद्धत शोधून काढली. तोपर्यंत विष देणाऱ्याला सापडण्याची भीती फारशी नव्हती आणि वैद्याला खोटे बोलण्याची गरजही नव्हती. प्रामाणिक वैद्यही फसत असे.

ग्वांगशूचा प्रश्न अधिक गुंतागुंतीचा आहे, कारण तो खरोखरच आजारी माणूस होता. १८७५ मध्ये चार वर्षांचाही झाला नव्हता तेव्हा त्याला गादीवर बसवले गेले. १८९८ च्या उन्हाळ्यात त्याने शिक्षण, परीक्षा, सैन्य, कारभार यांत सुधारणा करणारे हुकूम एकामागून एक काढले. जेमतेम शंभर दिवसांत त्सूशीने कारभार पुन्हा हाती घेतला आणि त्याला राजवाड्यालगतच्या तळ्यातील एका लहान बेटावर नजरकैदेत टाकले. त्याच वेळी सम्राट आजारी असल्याचेही जाहीर करण्यात आले. परदेशी वकिलातींना शंका आली आणि त्यांच्या दडपणामुळे फ्रेंच वकिलातीच्या डॉक्टरला त्या ऑक्टोबरात सम्राटाला तपासू द्यावे लागले. प्रकृती नाजूक होती, पण माणूस मरणाच्या दारात नव्हता. म्हणजे सम्राटाच्या प्रकृतीविषयीचे दरबारी निवेदन हे राजकारणाचे हत्यार आहे, हे त्याच्या मृत्यूच्या दहा वर्षे आधीच उघड झाले होते.

पुढची दहा वर्षे राजवैद्य त्याला तपासत राहिले आणि प्रत्येक तपासणीची, प्रत्येक काढ्याची नोंद होत राहिली. कंबरदुखी, कानांत आवाज, अपचन, अशक्तपणा असे त्या नोंदींत पानोपानी आहे. पेकिंगच्या अभिलेखागारात ही कागदपत्रे सुरक्षित राहिली. १९८० च्या दशकात चिनी इतिहासकार आणि वैद्यांनी ती बारकाईने वाचली आणि निष्कर्ष काढला, की मृत्यू जुनाट आजारांनी, नैसर्गिक रीतीने झाला. या अभ्यासकांना दोष देण्याचे कारण नाही. कागदावर जे होते त्यातून तोच निष्कर्ष निघत होता. मात्र पाश्चात्त्य वैद्यक शिकलेल्या एका चिनी डॉक्टराने आपल्या आठवणींत वेगळेच लिहून ठेवले होते: त्याने शेवटच्या दिवसांत पाहिलेला सम्राट पोट दुखत असल्याचे ओरडत बिछान्यात लोळत होता, आणि ही लक्षणे त्याच्या आधीच्या आजाराशी जुळत नव्हती. एकीकडे शेकडो पाने, दुसरीकडे एकट्याची आठवण. साहजिकच पारडे पानांकडे झुकले. पण ती पाने कोणाच्या नजरेखाली लिहिली गेली होती, हा प्रश्न उरतोच. जुन्या पोथ्यांत चुकलेल्या अक्षरांवर पिवळा हरताळ लावून ती झाकीत. ‘हरताळ फासणे’ हा आपला वाक्प्रचार तिथूनच आला. गंमत अशी, की हरताळ म्हणजे आर्सेनिकचाच सल्फाइड.

कागदाबाहेरचा पुरावा थडग्यातून आला. सम्राटाची कबर १९३८ मध्ये चोरांनी फोडली होती. १९८० मध्ये ती साफ करून बंद करताना त्याचे काही केस आणि कपडे संग्रहात ठेवले गेले. २००३ पासून चीनच्या अणुऊर्जा संस्थेतील शास्त्रज्ञ, पेकिंगचे न्यायवैद्यक तज्ज्ञ आणि कबरींची व्यवस्था पाहणारी संस्था यांनी मिळून त्यांची तपासणी सुरू केली.

केसच का? केस महिन्याला साधारण एक सेंटिमीटर वाढतो. रक्तातील आर्सेनिक केसातील केराटिन या प्रथिनातल्या गंधकाशी बांधले जाते आणि केसाबरोबर पुढे सरकते. त्यामुळे लांब केस ही एक प्रकारची रोजनिशीच असते. शास्त्रज्ञांनी २६ आणि ६५ सेंटिमीटर लांबीच्या दोन बटा घेतल्या, धुऊन एकेक सेंटिमीटरचे तुकडे केले आणि ते अणुभट्टीत न्यूट्रॉनच्या माऱ्यात ठेवले. साधे आर्सेनिक-७५ एक न्यूट्रॉन घेऊन किरणोत्सारी आर्सेनिक-७६ बनते. त्याचा अर्धायुकाल सुमारे २६ तासांचा असतो. ते बाहेर टाकत असलेले गॅमा किरण मोजले, की मूळ आर्सेनिक किती होते ते कळते.

एका तुकड्यात ग्रॅममागे २४०४ मायक्रोग्रॅम आर्सेनिक निघाले. आकडा प्रचंड आहे, पण एकटा आकडा काहीच सांगत नाही. चिनी औषधांत मनशीळ वापरीत, आणि मनशीळ म्हणजेही आर्सेनिकच. म्हणून ग्वांगशूची पत्नी लोंगयू हिचे केसही तपासले. ती त्याच राजवाड्यात राहिलेली, त्याच काळातली. तिच्या केसांत आकडा निघाला सुमारे ९. आजच्या जुनाट आर्सेनिकबाधेच्या रुग्णाच्या केसांशीही तुलना केली. सम्राटाचा आकडा त्याहूनही कितीतरी पटींनी मोठा होता.

इथे एक अडचण उभी राहिली, आणि आमच्या मते या संशोधनाचा सर्वांत शिकण्याजोगा भाग हाच आहे. औषधांतून थोडे थोडे विष पोटात जात असते, तर केसात ते लांबवर पसरलेले दिसले असते. अचानक दिलेल्या विषाने माणूस एक-दोन दिवसांत मेला, तर ते वाढत्या केसात फार दूर जाऊच शकत नाही. फार तर मुळाशी सापडेल. सम्राटाच्या केसांत मात्र मधल्याच काही तुकड्यांत आर्सेनिकचे उंच सुळके होते. रोजनिशी म्हणून हे केस वाचताच येत नव्हते! मग आर्सेनिक केसांत बाहेरून लागले असणार. पण कुठून? कबरीतील माती आणि शवपेटीभोवतीचे नमुने तपासले. त्यांत ते फार कमी होते. कपड्यांत भरपूर होते, त्यातही पोटाजवळच्या भागात जास्त. म्हणजे उगम शरीरातच होता. शव कुजताना पोटातले विष झिरपून कपड्यांना आणि केसांना लागले होते. तपासलेल्या केसांत आणि कपड्यांतच मिळून सुमारे २०१ मिलिग्रॅम सोमल भरला. माणसाला मारायला ६० ते २०० मिलिग्रॅम पुरतो. नोव्हेंबर २००८ मध्ये, मृत्यूला शंभर वर्षे होत असताना, निष्कर्ष जाहीर झाला: तीव्र आर्सेनिक विषबाधा.

तुलनेचा नमुना नसला तर काय होते, हे नेपोलियनच्या बाबतीत दिसते. तो १८२१ मध्ये सेंट हेलेना बेटावर वारला. शवविच्छेदनात जठरातील रोग हे कारण दिले गेले. १९६१ मध्ये त्याच्या केसांत जास्त आर्सेनिक आढळल्याचे प्रसिद्ध झाले आणि त्याला विष घातल्याची कथा जगभर पसरली. २००८ मध्ये इटालियन शास्त्रज्ञांनी त्याचे बालपणीचे केस, त्याच्या मुलाचे केस, पहिली पत्नी जोसेफिनचे केस असे सगळे तपासले. सर्वांतच आर्सेनिक होते, आणि आजच्या माणसाच्या मानाने शंभरेक पट. त्या काळात ते रंगांतून, औषधांतून सगळ्यांच्याच अंगात जात होते.

फ्रान्चेस्कोचा निकाल तर उलटाच लागत चालला आहे. २००६ मध्ये काही इटालियन संशोधकांनी त्याच्या थडग्यातून मिळालेले दाढीचे केस आणि एका चर्चमध्ये मातीच्या भांड्यांत सापडलेले आतड्यांचे वाळलेले अवशेष तपासून, त्यांत आर्सेनिक असल्याचे म्हटले. खुनी भावाची गोष्ट पुन्हा वर्तमानपत्रांत झळकली. विरोधकांनी विचारले, की हे अवशेष नक्की त्या दोघांचेच कशावरून, आणि शव टिकवताना आर्सेनिक लावले गेले नसेल कशावरून? मग २०१० मध्ये पिसा विद्यापीठाच्या गटाने फ्रान्चेस्कोच्या हाडाचा सच्छिद्र भाग घेतला आणि त्यावर आपल्या आरोग्य केंद्रांत हिवतापासाठी वापरतात तशाच पट्टीची चाचणी केली. घातक हिवताप आणणाऱ्या प्लास्मोडियम फाल्सिपॅरम या परजीवीची प्रथिने त्यात सापडली.

ती हवेली सखल, पाणथळ मुलखात होती. एकाच घरातील दोन माणसांना तिथे एकाच सुमारास हिवताप होणे अगदी शक्य आहे. फ्रान्चेस्कोच्या तापाची रोजची हकीकत पत्रांत उतरली आहे, आणि आजारपण दहा-अकरा दिवस चालले होते. १५८७ च्या वैद्यांना परजीवी ठाऊक नव्हता, डासाचा संबंध ठाऊक नव्हता, तरी पुरावा सध्या त्यांच्याच बाजूने झुकतो. बियांकाविषयी मात्र असे म्हणता येत नाही. फर्दिनांदोने तिला मेदिचींच्या थडग्यांत जागा दिली नाही आणि तिला कुठे पुरले ते आजही कोणाला ठाऊक नाही.

ग्वांगशूला सोमल कोणी दिला, हे केस सांगू शकत नाहीत, आणि २००८ च्या अहवालानेही ते सांगण्याचा आव आणलेला नाही. बहुतेक बोटे त्सूशीकडे वळतात. मरायच्या आधी तिने या सुधारकाची वाट बंद केली, असा तर्क. पण त्याच्या मागून गादीवर आलेल्या पूयीने आपल्या आत्मचरित्रात एका म्हाताऱ्या खोजाकडून ऐकलेली हकीकत दिली आहे: आदल्या दिवसापर्यंत सम्राट ठीक होता आणि सेनापती युआन शिकायने पाठवलेले औषध घेतल्यावर बिघडला. १८९८ मध्ये सम्राटाचा विश्वासघात केल्याचा आरोप याच युआनवर होता. त्सूशी गेल्यावर ग्वांगशूच्या हाती सत्ता आली असती, तर सर्वांत आधी त्याचीच मान गेली असती.