पोलिसांची सोबत कुठपर्यंत?

"घरच्यांचा विरोध आहे ना, मग कोर्टातून पोलीस संरक्षण घ्या." हा सल्ला आपण सगळेच सहज देऊन मोकळे होतो. पण हे संरक्षण आलं कसं आणि कुणाच्या जिवावर आलं, हे कुणी सांगत नाही. पोस्ट थोडी मोठी आहे, पण वाचा. उद्या आपल्याच गल्लीत उपयोगी पडेल.

सुरुवात लखनौच्या लता सिंह यांच्यापासून. सज्ञान मुलगी. २००० साली स्वतःच्या मर्जीने दुसऱ्या जातीत लग्न केलं. भावांना पटलं नाही. ती हरवल्याची तक्रार झाली आणि पोलिसांनी उचललं कुणाला, तर नवऱ्याच्या बहिणींना आणि नातेवाइकांना! म्हणजे ज्यांनी रक्षण करायचं, तेच मागे लागले. लता सुप्रीम कोर्टात गेल्या. ७ जुलै २००६ रोजी कोर्टाने खटला रद्द केला. सज्ञान जोडप्याने आंतरजातीय किंवा आंतरधर्मीय लग्न केलं तर त्यांना कुणी त्रास देणार नाही हे बघणं पोलिसांचं काम आहे, असं देशभरातल्या पोलिसांना बजावलं. आईबापांना मान्य नसेल तर त्यांनी फार तर संबंध तोडावेत, धमक्या आणि मारहाण चालणार नाही, हेही सांगितलं.

निकाल झाला. पुढच्याच वर्षी हरियाणात काय घडलं बघा.

कैथल जिल्ह्यातले मनोज आणि बबली. एकाच गोत्रातले, म्हणून मुलीच्या घरचे आणि खाप पंचायत विरोधात. जून २००७ मध्ये दोघं कोर्टात हजर झाले, जबाब दिला. कोर्टाने पोलीस संरक्षणाचा आदेश दिला. पोलीस सोबत निघाले, पण पिपलीपर्यंतच. तिथून दोघं एकटे बसमध्ये बसले. वाटेत त्यांना पळवून नेलं. काही दिवसांनी मृतदेह कालव्यात सापडले. मनोजच्या आईने केस लढवली. २०१० मध्ये कर्नालच्या कोर्टाने पाच जणांना फाशी सुनावली, हायकोर्टाने नंतर ती कुणाचीच कायम ठेवली नाही.

कोर्टाचा आदेश होता. पोलीसही आले होते. कमी पडलं ते एवढंच, की पिपलीच्या पुढे काय, हे कुणी ठरवलेलंच नव्हतं.

या प्रश्नाचं उत्तर २७ मार्च २०१८ च्या 'शक्ती वाहिनी' निकालात मिळतं. सुप्रीम कोर्टाने राज्यांना सांगितलं: जिल्ह्यात विशेष कक्ष हवा, चोवीस तास हेल्पलाइन हवी, आणि जोडप्याला राहायला सुरक्षागृह हवं. नाममात्र शुल्कात आधी एक महिना, मग गरजेप्रमाणे मुदत वाढवत जास्तीत जास्त एक वर्ष. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्यावर खात्याची कारवाई. म्हणजे नुसता सोबतीला शिपाई नाही, डोक्यावर छप्परही.

आपल्या महाराष्ट्रात काय? मुंबई उच्च न्यायालयात हा विषय आल्यावर डिसेंबर २०२४ मध्ये गृह विभागाने जिल्ह्याजिल्ह्यात विशेष कक्ष आणि सुरक्षागृहांच्या सूचना काढल्या. सुप्रीम कोर्टाच्या निकालानंतर साडेसहा वर्षांहून जास्त काळाने! आता कागद आहे, तो आपल्या जिल्ह्यात चालतो का, हे विचारायचं काम आपलं.

म्हणून अशी वेळ आलेल्या पोरापोरींना एवढंच सांगतो. वयाचे आणि लग्नाचे पुरावे जवळ ठेवा. धमकी कुणी, कधी, कशी दिली ते तारखेसकट लिहून पोलिसांना लेखी द्या आणि पोच घ्या. जिवाला धोका दिसला तर थेट ११२ ला फोन करा. आणि कोर्टात जाल तेव्हा वकिलाला सांगा, नुसतं 'संरक्षण द्यावे' असं लिहू नका. राहायची जागा, किती दिवस, जबाबदार अधिकारी कोण, सगळं मागा. आदेश हातात पडला की पहिला प्रश्न हाच विचारा: "साहेब, तुम्ही आम्हाला कुठपर्यंत सोडणार, आणि तिथून पुढे कोण?"