न्यूयॉर्कची मंदी आणि आजीच्या पाटल्या

इ. स. १९२९ च्या ऑक्टोबर महिन्यांत, २४ तारखेस, न्यूयॉर्कच्या शेअरबाजारांत घबराट उडाली. आणि पुढें दोन-अडीच वर्षांनीं आमच्या आजीच्या पाटल्या मोडींत निघाल्या. या दोहोंचा कांहीं संबंध आहे असें म्हटल्यास आपणांस हसूं येईल, पण तो आहे.

अमेरिकेंत लोक थोडी रक्कम पदरची घालून व बाकीची कर्जाऊ काढून शेअर घेत. भाव उतरतांच कर्जफेडीसाठीं जो तो विकूं लागला, आणि त्या विक्रीनेंच भाव आणखी कोसळले. युरोपास दिलेला पैसा अमेरिकेनें आखडला. १९३१ च्या मे महिन्यांत व्हिएन्नाची क्रेडिटआनस्टाल्ट ही मोठी बँक मोडकळीस आली. सप्टेंबरांत इंग्लंडनें सुवर्णचलन सोडलें. सारें खापर शेअरबाजारावर फोडणें मात्र न्यायाचें नव्हे. शेतमालाचे भाव आधींच उतरूं लागले होते, आणि १९३० सालीं अमेरिकेनें जकाती वाढवून परक्या मालास दार लावून घेतलें.

हिंदुस्थानांत शेतमालाचे भाव दोन वर्षांत सुमारें निम्म्यावर आले. सारा मात्र रुपयांत ठरलेला, सावकाराचें व्याजहि रुपयांत ठरलेलें. एक खंडी ज्वारी विकून जें देणें फिटे, त्यास आतां दोन खंड्या लागूं लागल्या. रुपयाचा दर उतरता तर शेतकऱ्यास थोडा दम मिळता. पण तो १९२७ च्या कायद्यानें १ शिलिंग ६ पेन्सांस बांधलेला. तो १ शिलिंग ४ पेन्स असावा, असा आग्रह सर पुरुषोत्तमदास ठाकुरदास यांनीं धरला होता. तो मानला गेला नाहीं. मंदी बाहेरून आली हें खरें. परंतु हा दर राखण्याचा हट्ट येथील राज्यकर्त्यांचा होता. त्याचा दोष न्यूयॉर्कवर ढकलतां येणार नाहीं.

इंग्लंडनें सोनें सोडल्यावर रुपया पौंडाशींच जखडलेला राहिला, आणि रुपयांत सोनें महागलें. १९२७ च्या कायद्यांतला सरकारी खरेदीचा दर तोळ्यास २१ रुपये ३ आणे १० पै होता. बाजारभाव त्याच्या पुष्कळ वर गेला. सराफांकडे दागिन्यांची रीघ लागली. आटवलेलें सोनें मुंबई बंदरांतून बोटींनीं विलायतेस जाऊं लागलें, आणि सरकारचा तिकडील भरणा सुकर झाला. लोक नफा घेत आहेत, असें सरकारपक्षाचें म्हणणें असे. कांहींनीं घेतलाहि असेल.

मुंबई इलाख्यांत शेतकरी कर्जनिवारणाचा कायदा झाला तो १९३९ सालीं. आजीच्या पाटल्या तोंवर केव्हांच गेल्या होत्या. त्या पैशांत सारा भरला आणि बैलजोडी तेवढी राहिली, असें ती सांगे. पुढें तिच्या हातांत कांचेच्या बांगड्याच असत.